पसरणारं विश्व आणि सुभेदारांची जीप

किस्से गोळा करावे लागतात असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा स्लाइड प्रोजेक्टर, एक पांढरी चादर आणि चार माणसं घेऊन सातारा-सांगली जिल्ह्यांत विज्ञानाचे कार्यक्रम करून बघावेत. किस्से आपणहून जीपमध्ये चढतात, मांडी घालून बसतात आणि घर आलं तरी उतरत नाहीत! आमच्याकडे गेल्या दोन-तीन वर्षांत इतके साठलेत, की आता माणसांना बसायला जागा उरली नाही. थोडे इथे उतरवतो.

आधी जीपमधली माणसं सांगतो. पुढे बसलेले कांबळे सर. साताऱ्याच्या कॉलेजात फिजिक्स शिकवतात. आमच्या कार्यक्रमाचं नाव त्यांनीच ठेवलं: ‘विश्व पसरतंय, हे कळलं कसं?’ सर म्हणतात, “काय कळलं ते पेपरात येतं. कसं कळलं ते कुणी सांगत नाही, आणि खरी गंमत तिथेच आहे.” स्टिअरिंगवर सुभेदार जाधव. फौजेतून रिटायर झाले आणि लष्कराच्या लिलावातली एक जीप घेऊन आले. मागे मी, सरांचा जुना विद्यार्थी. वर्षभरात दोन्ही जिल्हे विज्ञाननिष्ठ करायचे आणि मग कोल्हापूर घ्यायचं, असा माझा साधा प्लॅन होता.

माझ्यासमोर सुषमा पाटील. सांगलीजवळच्या गावातली, जैन शेतकऱ्याची मुलगी, बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला. आणि तिच्या शेजारी तिचे वडील, अण्णा. मुलीला एकटीला गावोगाव कसं पाठवायचं, म्हणून अण्णा प्रत्येक कार्यक्रमाला येत. शेवटच्या रांगेत बसत. चकार शब्द बोलत नसत. बोलायचे ते परतीच्या वाटेवर.

सुषमाला पुण्याला जाऊन एम.एस्सी. करायचं होतं आणि पुढे खगोलशास्त्रात संशोधन. अण्णा हो म्हणत नव्हते, नाहीही म्हणत नव्हते. ‘बघू’ म्हणत. ॲडमिशनचे दिवस जवळ येत होते आणि पोरीचा सगळा जीव त्या एका ‘बघू’ला टांगलेला होता. पहिल्याच फेरीत अण्णा मला म्हणाले होते, “तुमचं ते विश्व लांब पळतंय न्हवं? मग पळू दे की! माझ्या पोरीनं त्याच्या मागं पुण्याला कशाला जायचं?”

मी तावातावाने उत्तर द्यायला तोंड उघडलं. सरांनी मागे न बघता म्हटलं, “पुढचा खड्डा मोठा आहे, धरून बस.”

*

सरांचा एक नियम आहे. भाषणात परदेशी नाव घ्यायचं नाही. “नाव सांगितलं की लोक नाव पाठ करायला लागतात आणि गोष्ट सुटते.” मला हे अजिबात पटलं नव्हतं. पण लोक आपापली नावं ठेवतात आणि ती विसरत नाहीत, हे खरं. ‘काचवाल्या बाई’, ‘डोंगरावरचे साहेब’, ‘पाद्रीबाबा’ असे आमचे हिरो ठरून गेले.

तर साताऱ्याच्या बाजूचं एक गाव. घरटी एक फौजी. सर सांगत होते की विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मोठं भांडण होतं. आकाशात जे धुरकट ठिपके दिसतात, ते आपल्याच आकाशगंगेतले ढग, की फार लांबच्या वेगळ्या आकाशगंगा, म्हणजे दीर्घिका? निकाल लावायला मोठी दुर्बीण हवी. ती अमेरिकेत एका डोंगरावर बांधली. वर जायला धड रस्ता नव्हता, म्हणून बरंचसं सामान खेचरांच्या पाठीवरून चढवलं. त्या खेचरांच्या तांड्याबरोबरचा एक पोरगेला माणूस पुढे त्याच वेधशाळेत राहिला आणि तिथून आकाश तपासणाऱ्या खगोलशास्त्रज्ञासाठी, म्हणजे आमच्या डोंगरावरच्या साहेबांसाठी, लांबलांबच्या दीर्घिकांचे फोटो काढू लागला.

प्रोजेक्टरजवळ पेंगणारे सुभेदार ताडकन उभे राहिले. त्यांची सगळी नोकरी डोंगरात, फौजेच्या खेचर कंपनीत झालेली!

“सर, खेचरं किती होती?”

“ते काही माहीत नाही, सुभेदार.”

“नाल कोण ठोकत होतं? दाणा काय देत होते?”

झालं. सभेतले निम्मे पेन्शनर उठून बसले. चढाला खेचर पुढे ठेवायचं की माणूस, यावर दोन तट पडले. एकाने बर्फातल्या चौकीची गोष्ट सुरू केली. विश्व बाजूलाच राहिलं. मी घड्याळ दाखवतोय, सर हसतायत, आणि सुषमा तोंडात ओढणी कोंबून बसलेली!

शेवटी आभारप्रदर्शनाला सरपंच उभे राहिले. प्रमुख पाहुण्यांचे आभार झाले, प्राथमिक शाळेने सतरंज्या दिल्या तिचे झाले, वायरमनचे झाले. मग सरपंच क्षणभर थांबले आणि गंभीर आवाजात म्हणाले, “आणि सर्वांत शेवटी, ज्यांच्यामुळं हे विश्व आपल्याला दिसलं, त्या समस्त खेचरांचे मी गावाच्या वतीनं आभार मानतो!”

टाळ्या थांबेनात. सुभेदारांनी उभं राहून सॅल्यूट स्वीकारला.

*

वडूजच्या बाजूला काचवाल्या बाईंची गोष्ट सांगायचं काम सुषमाकडे होतं. या बाई वेधशाळेत काचेवर काढलेले आकाशाचे फोटो तपासायच्या. बाई असल्यामुळे दुर्बिणीला डोळा लावायची सोय नव्हती, काचा तपासा म्हणून सांगितलं होतं. तर त्यांनी काचा अशा तपासल्या की सगळ्यांना मागे टाकलं. काही तारे ठरावीक काळाने दिव्यासारखे मोठे-बारीक होतात. बाईंच्या लक्षात आलं, की असा तारा जितका सावकाश मोठा-बारीक होतो, तितका तो मुळात जास्त तेजस्वी. म्हणजे ताऱ्याचा खरा वॅट कळला! वॅट कळला की तो किती मंद दिसतो यावरून अंतर निघालं. त्याच युक्तीने डोंगरावरच्या साहेबांनी दाखवलं, की ते धुरकट ठिपके फार फार लांबच्या दीर्घिका आहेत.

हे पटवायला आम्ही शाळेच्या हॉलमध्ये एकाच वॅटचे दोन बल्ब लावले होते. एक जवळ, एक पार टोकाला. सुषमा विचारत होती, “कुठला मंद दिसतो?”

“लांबचा!” सगळा हॉल.

“मग मंद दिसला म्हणजे काय झालं?”

“लांब गेला!”

एवढ्यात लांबचा बल्ब आणखी मंदावला, आणि जवळचाही हळूहळू पिवळा पडला. मग लाल. नुसती तार दिसायला लागली.

“गेला, गेला! हा बी लांब गेला!” पोरं ओरडली.

सुषमा गडबडली. मी वायर हलवायला धावलो. तेवढ्यात पुढे बसलेल्या एक मावशी पदर खोचत उठल्या. “काय बी लांब गेलं न्हाई. शेतीची थ्री फेज आली! मोटारी चालू झाल्या, होल्टेज पडलं!”

एका मिनिटात हॉल रिकामा! वडूजच्या बाजूला पाणी किती, वीज किती, हे ज्याला माहीत आहे तो थ्री फेज आल्यावर विश्वासाठी बसून राहील का? माणसं चपला हातात घेऊन विहिरीकडे पळाली. शेवटच्या रांगेतले अण्णासुद्धा सवयीने अर्धे उठले होते. मग त्यांच्या लक्षात आलं की या गावात आपली मोटार नाही.

मी चिडलो होतो. सर मात्र खुशीत. “अरे, खगोलशास्त्रज्ञांची हीच चूक झाली होती! काही तारे लांब असल्यामुळे मंद नव्हते, मध्ये धूळ होती. काहींचा मूळ वॅटच वेगळा होता. कितीतरी वर्षं अंतरं चुकत होती. त्या मावशी तिथे असत्या तर वेळ वाचला असता!”

जीपमध्ये अण्णांनी पहिल्यांदाच सुषमाला प्रश्न विचारला. “त्या बाईंच्या घरचे काय म्हणत होते गं? काचा बघायला जा म्हणून त्यांनीच सांगितलं काय?”

“ते काही माहीत नाही, अण्णा.”

“मग काय शिकीवता लोकास्नी!” अण्णा म्हणाले आणि खिडकीबाहेर बघू लागले.

*

शिराळ्याजवळच्या गावात आम्ही जे केलं ते निघालं माझ्याच डोक्यातून, त्यामुळे दोष दुसऱ्या कुणावर टाकता येत नाही.

गोष्ट अशी. आवाज करत येणारी वस्तू जवळ येताना सूर चढा लागतो, लांब जाताना उतरतो. प्रकाशाचंही तसंच. वस्तू लांब जात असेल तर तिचा प्रकाश लाल रंगाकडे सरकतो. दीर्घिकांचा प्रकाश तपासला तर बहुतेकींचा लालकडे सरकलेला! म्हणजे त्या लांब चालल्यात. आवाजाचं तपासायला एकोणिसाव्या शतकात युरोपात एकाने आगगाडीवर वाजंत्री बसवून प्रयोग केला होता. हे वाचल्यापासून मला चैन नव्हतं. आपल्याकडे आगगाडी नाही, पण सुभेदारांची जीप आहे. आणि लग्नसराईच्या बँडला तोटा नाही!

शंकर मास्तर नावाचे ट्रम्पेटवाले पकडले. त्यांना सांगितलं, “मास्तर, जीपच्या मागं उभं राहायचं आणि एकच सूर धरायचा. बास.”

मास्तर माझ्याकडे बघतच राहिले. “एकच?”

“एकच.”

“आख्ख्या रस्त्याला एकच सूर? आवं, लोक काय म्हणतील? शंकऱ्याला दुसरा येत न्हाई?”

कसंबसं पटवलं. गावकरी रस्त्याच्या कडेला उभे केले. बजावून सांगितलं, जाग्यावरून हलायचं नाही, फक्त ऐकायचं. सुभेदारांनी लांबून जीप सोडली. मास्तरांनी सूर धरला. जीप जवळ आली तशी मास्तरांना कडेला उभे असलेले सगळे ओळखीचे चेहरे दिसले. बिचाऱ्यांना राहवलं नाही. सूर जरा वळला, मग घोळला, आणि बघता बघता थेट वरातीची चाल सुरू!

गावातली तरणी पोरं आणि ट्रम्पेट. जाग्यावर कोण थांबणार? अर्धा गाव जीपच्या पुढे नाचतोय, अर्धा मागे. सुभेदार हॉर्न वाजवतायत, तो ठेक्यात बसतोय. कुणीतरी गुलाल आणला! जीप मुंगीच्या पावलाने चाललेली आणि बॉनेटवर बसलेला एक पैलवान दोन्ही हात वर करून मान डोलावतोय.

वरात देवळापाशी थांबली तेव्हा मी घामाघूम झालो होतो. सरांनी मात्र शांतपणे हात वर केला. “मंडळी, सूर उतरला का?”

“न्हाई!” सगळा गाव.

“चढला का?”

“न्हाई!”

“बरोबर,” सर म्हणाले. “कारण तुम्ही सगळे त्याच्याबरोबरच चाललात. फरक कळायचा तर कुणालातरी मागे थांबावं लागतं.”

गर्दीतून शंकर मास्तर ट्रम्पेट पुसत पुढे आले. “सर, माणूस मागं थांबंल असं वाजवायचं असंल, तर दुसरा मास्तर बघा!”

*

पाठ्यपुस्तकांत पसरणाऱ्या विश्वाचं एक ठरलेलं उदाहरण आहे. पावाच्या पिठात बेदाणे खोचा. पीठ फुगेल तसे बेदाणे एकमेकांपासून लांब जातील, आणि जो बेदाणा दुप्पट लांब तो दुप्पट वेगाने लांब जाईल. डोंगरावरच्या साहेबांना नेमकं हेच दिसलं: दीर्घिका जितकी लांब तितका तिचा वेग जास्त. उदाहरण उत्तम. प्रॉब्लेम एवढाच, की आम्ही ते तासगावच्या बाजूला सांगायला गेलो. तिथे बेदाणा म्हणजे उदाहरण नसतं, घरचा धंदा असतो!

सांगलीच्या बेकरीतून पिठाचा मोठा गोळा घेतला, पातेल्यात ठेवला, बेदाणे खोचले. एप्रिलचं ऊन. पीठ तासगावला पोचेपर्यंत थांबायला तयार नव्हतं. वाटेतलं कवठे मागे पडलं तेव्हा झाकण उचललं गेलं होतं. पुढे पातेलं ओलांडून विश्व सुभेदारांच्या सीटवर आलं. सुभेदार ओरडले, “सर, ह्याला आवरा! गिअर दिसंना झालाय!”

उरलंसुरलं गोळा करून टेबलावर मांडलं. सुषमा समजावून सांगत होती, “ही समजा आपली आकाशगंगा...”

पुढच्या रांगेतले एक बागायतदार चष्मा लावून टेबलापाशी आले. आमची आकाशगंगा दोन बोटांत उचलली, उजेडात धरली, दाबली, वास घेतला.

“हा माल कुठला?”

“दुकानातला, काका.”

“काळा पडलाय. गंधकाचा धूर नीट दिलेला न्हाई.” त्यांनी शेजारची दीर्घिका उपटली. “ह्यात तर काडी हाय!”

मग काय! रांगेने माणसं आली आणि एकेक दीर्घिका तपासून बाजूला ठेवू लागली. पिठात नुसती भोकं उरली. सुषमा हसून हसून टेबलाला टेकली. अण्णा शेवटच्या रांगेतून उठून पुढे आले होते आणि बागायतदारांशी पाण्याबद्दल बोलत होते. कार्यक्रम संपला तेव्हा काकांनी त्यांच्या शेडमधला हिरवा, लांबडा बेदाणा पिशवीभर आणून सरांच्या हातात दिला.

“सर, तुमचं विश्व चांगलं हाय. फक्त बेदाणा बदला.”

पुढच्या गावापर्यंत ती पिशवी पोचली नाही. सुभेदारांना दीर्घिका फार आवडल्या.

*

त्या सुमाराला पेपरात एक बातमी आली आणि माझी झोप उडाली. अवकाशात सोडलेल्या नव्या दुर्बिणीच्या मोजमापावरून विश्वाचं वय काढलं, तर ते काही म्हाताऱ्या ताऱ्यांच्या वयापेक्षा कमी येत होतं! म्हणजे पोरगा बापाच्या आधी जन्मलेला. मी सरांना म्हटलं, “हे आपण सांगायचं नाही. लोक विज्ञानाला हसतील.”

“सांगायचं,” सर म्हणाले. “पसरण्याचा वेग मोजायला काय काय भानगडी पडतात, तेच तर सांगतोय आपण.”

साताऱ्यात माजी सैनिकांच्या सभेत सरांनी ते सांगितलं. विश्व आज ज्या वेगाने पसरतंय त्यावरून उलटा हिशेब केला की वय निघतं, आणि ते ताऱ्यांशी जुळत नाही. मी डोळे मिटून हशाची वाट बघत होतो.

हशा नाही. एक म्हातारे हवालदार उठले, मिशीवरून हात फिरवला आणि म्हणाले, “त्यात काय एवढं? माझं बी तसंच हाय. फौजेच्या कागदावर मी माझ्या धाकट्या भावापेक्षा दोन वर्षांनी ल्हान हाय!”

“माझा बी जन्म एक जूनचा,” दुसरे म्हणाले.

“माझा बी.”

“आमच्या आळीत सगळ्यांचाच!”

आमच्याकडे शाळेत घालताना गुरुजी पोराकडे एकदा बघायचे, हात डोक्यावरून दुसऱ्या कानाला पोचतो का ते पाहायचे आणि एक जून टाकून मोकळे व्हायचे. ते सगळे एक जूनवाले आता सरांना धीर देऊ लागले.

“सर, तुमी काळजी करू नका. विश्वाची तारीख कुण्या गुरुजीनं अंदाजानं टाकली असंल. खरं वय घरच्यास्नीच ठावं असतं!”

परतताना सुषमा वहीत तो उलटा हिशेब मांडत होती. मग म्हणाली, “सर, हे नीट मोजायला किती माणसं लागतील?”

“खूप. आणि खूप वर्षं.”

“मला त्यातलं थोडं मोजायचंय.”

अण्णांनी टोपी काढली, झटकली, परत घातली. “तारीख लावायला पुण्यालाच जावं लागतं व्हय?” त्यांच्या आवाजात नेहमीची धार नव्हती, पण ‘हो’ही नव्हतं. मी तोंड उघडणार तेवढ्यात सरांनी मला खिडकी बंद करायला सांगितली. बाहेर धूळ नव्हती.

*

अण्णांना सगळ्यात आवडलेली गोष्ट पाद्रीबाबांची. हे युरोपातले धर्मगुरू आणि गणितज्ञ. साहेबांच्या आधीच त्यांनी कागदावर काढलं होतं की विश्व पसरत असणार. आणि आज पसरतंय म्हणजे पूर्वी कधीतरी सगळं एकाच जागी दाटीवाटीने असणार. तेव्हाच्या भल्याभल्यांना ते पटलं नव्हतं. पुढे शास्त्रज्ञांचा एक गट म्हणाला, विश्व पसरतंय हे मान्य, पण सुरुवातबिरुवात काही नाही. ते कायम असंच होतं.

“हे शाणे!” अण्णा म्हणाले. “आमच्यात बी विश्वाला सुरवात न्हाई, शेवट न्हाई, आणि बनवणारा कोण न्हाई.”

“बनवणारा आमच्याकडेही नाही,” कांबळे सर म्हणाले. त्यांच्या वडिलांनी छप्पन साली धम्माची दीक्षा घेतलेली.

“मग तुमचं-आमचं भांडण कशाचं?”

“भांडण नाही, अण्णा. फक्त सुरुवातीचा पुरावा सापडलाय, तो तेवढा ऐका.”

पुरावा म्हणजे एक खरखर. दोन इंजिनिअर एका मोठ्या अँटेनावर काम करत होते. कुठेही तोंड फिरवलं तरी बारीक खरखर येतच होती. अँटेनात कबुतरांनी घाण केली होती, ती पुसली. कबुतरं हाकलली. खरखर तशीच! ती निघाली विश्वाच्या सुरुवातीच्या काळातल्या उष्णतेची उरलेली धग, सगळ्या आकाशातून सारखी येणारी. सर पुढे म्हणायचे, “तुमच्या टीव्हीवर चॅनेल लागत नसताना ज्या मुंग्या दिसतात, त्यातल्या थोड्याशा त्या धगीमुळेच असतात!”

हे वाक्य लोकांना भयंकर आवडायचं. इतकं, की कऱ्हाडजवळच्या एका गावात कार्यक्रम करून आम्ही निघतोय, तर मागून स्कूटरवर एक माणूस हात करत आला. त्या गावातला टीव्ही मेकॅनिक.

“सर, तुमी मागच्या टायमाला येऊन गेला आणि माझा धंदा बसला!”

“का हो?”

“कुणाच्या घरी गेलं तरी म्हणत्यात, बिघाड न्हाई, विश्वाची सुरवात दिसतीया! घरं बसून मुंग्या बघायला लागलीत! आता सगळी गल्ली टीव्हीवर मॅच बघतीया आणि आमचे तीर्थरूप सेटला हात लावू देईनात!”

अण्णा जीपमध्ये पोट धरून हसत होते. सुषमाने वडिलांना असं हसताना बघून माझ्याकडे बघितलं. ॲडमिशनला फार दिवस उरले नव्हते.

*

शेवटचा कार्यक्रम सुषमाच्या गावात झाला, बस्तीशेजारच्या पटांगणात. बस्ती म्हणजे जैन मंदिर. इथली घरं दिवस मावळायच्या आत जेवतात. दिवे लागल्यावर घास नाही. इतर गावांत माणसं जेवणखाण उरकून निवांत येतात आणि नऊला सुरू करायचा कार्यक्रम साडेदहाला सुरू होतो. इथे आम्ही पोचलो तर सगळं गाव जेवून, हात पुसून, रांगेने बसलेलं! वेळेवर सुरू झालेला आमचा हा एकमेव कार्यक्रम.

सरांनी त्या दिवशी प्रोजेक्टर सांभाळला आणि बोलायला सुषमाला उभं केलं. पहिल्यापासून शेवटपर्यंत ती एकटी बोलली. एका बाजूला पुरुष, एका बाजूला बायका, बायकांत तिची आई. अण्णा नेहमीप्रमाणे शेवटच्या रांगेत.

शेवटी तिने इलॅस्टिकची एक लांब पट्टी काढली. त्यावर शर्टाची बटणं शिवलेली. एक टोक माझ्याकडे, एक सुभेदारांकडे. आम्ही ताणलं. बटणं लांब लांब गेली.

अण्णा उभे राहिले. सभेत ते कधीच उभे राहिले नव्हते.

“मधलं बटण कुठलं गं?”

“मधलं असं कुठलंच नाही, अण्णा. कुठल्याही बटणावर बसून बघितलं तरी आपण जागच्या जागी आणि बाकीचे लांब चाललेत, असंच दिसतं.”

“सगळ्यांस्नी?”

“सगळ्यांना.”

अण्णांनी इलॅस्टिकच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत नजर फिरवली. “म्हंजे तू तिकडं जाऊन बघितलंस, तर तुला दिसणार, आमीच लांब गेलो म्हणून.”

पटांगणातल्या सगळ्या माना सुषमाकडे वळल्या. गावात सगळ्यांना सगळं माहीत असतं. माझ्या हातात इलॅस्टिक ताणलेलं तसंच. मला काहीतरी बोलायचं होतं. सरांनी नुसतं माझ्याकडे बघितलं.

सुषमा एक पाऊल पुढे आली. “पण अण्णा, ज्या दीर्घिका अगदी जवळजवळ असतात ना, त्या अशा लांब जात नाहीत. एकमेकींना धरून असतात. आपल्या शेजारची मोठी दीर्घिका तर उलट आपल्याकडंच येतीया.”

“जवळ असल्या तर?”

“जवळ असल्या तर.”

अण्णांनी टोपी सारखी केली. घसा खाकरला.

“मग पुणं जवळ का लांब?”

सरांनी सुषमाकडे बघितलं. सुषमाने आईकडे. सुभेदारांच्या हातातलं टोक सुटलं आणि सगळी बटणं सट्‌कन माझ्या अंगावर आली, तरी सगळे अण्णांकडेच बघत होते.

बायकांच्या बाजूने सुषमाची आई उठली. पदर डोक्यावर घेतला.

“आवं, सकाळच्या येष्टीत डबा ठेवला तर दिवस मावळायच्या आत पोरीच्या ताटात पडतोय. मी स्टँडवर इचारून आलीया. जवळच हाय!”